वाचकांचे प्रश्न : पडद्यावरची क्विल्टशाळा

प्रश्न : अमेरिकेतील सार्वजनिक दूरचित्रवाणीवर ‘लव्ह ऑफ क्विल्टिंग’ हा क्विल्ट (वरचे तुकड्यांचे जोडकाम, मधला भराव आणि खालचे अस्तर अशा तीन थरांची गोधडी) शिवायला शिकवणारा कार्यक्रम वर्षानुवर्षे चालत आला आहे. एक क्विल्ट पुरा व्हायला कित्येक आठवडे लागतात आणि कार्यक्रम तर अर्ध्या तासाचा. एवढ्या वेळात खरोखर काय शिकवता येते?

उत्तर : या कार्यक्रमाच्या मूळ सूत्रधार मेरियन फॉन्स आणि लिझ पोर्टर या आयोवा राज्यातील विंटरसेट या छोट्या गावच्या. 1976 हे अमेरिकी स्वातंत्र्याच्या द्विशताब्दीचे वर्ष. जुन्या हस्तकलांविषयी देशभर नव्याने उत्सुकता निर्माण झाली होती, आणि त्याच वर्षी या दोघींची भेट क्विल्टच्या प्राथमिक वर्गात, विद्यार्थिनी म्हणून झाली. पुढे दोघींनी मिळून शिकवायला आणि पुस्तके लिहायला सुरुवात केली. 1995 मध्ये त्यांचा कार्यक्रम ‘सो मेनी क्विल्ट्स’ या नावाने सुरू झाला. आपण लिहिलेले नाव त्याला नंतर मिळाले. कालांतराने मेरियन यांची कन्या मेरी फॉन्स हीदेखील सूत्रसंचालनात सहभागी झाली.

आता आपला मुख्य प्रश्न. अर्ध्या तासाच्या अशा भागात प्रत्यक्ष हाती येतात सुमारे 27 मिनिटे, आणि तेवढ्यात शिवून दाखवता येते ते फार थोडे. म्हणून चित्रीकरणाआधी त्याच कामाचे अनेक नमुने वेगवेगळ्या टप्प्यांवर थांबवून तयार ठेवलेले असतात. कापलेले तुकडे, पहिली जोडणी, इस्त्री केलेली शिवण, पुरा झालेला चौकोन (असे अनेक चौकोन जोडून क्विल्ट बनतो) अशा क्रमाने ते एकेक करून टेबलावर येतात आणि मधला वेळखाऊ भाग वगळला जातो. माझ्या मते या कार्यक्रमांचे खरे बळ इथेच आहे. टीप घालणे ही हाताच्या सवयीची गोष्ट आहे. ती पाहून येत नाही. मात्र कोणते काम आधी आणि कोणते नंतर करायचे, हे पाहून पक्के समजते, आणि नवशिक्याची गाडी बहुधा तिथेच अडते.

नऊ छोट्या चौकोनी तुकड्यांचा साधा ‘नाइन पॅच’ चौकोन घेऊ. नऊ तुकडे सुटे कापून एकेक जोडत बसण्याऐवजी गडद-फिकट-गडद अशा तीन लांब पट्ट्या एकत्र शिवतात आणि दुसऱ्या संचात फिकट-गडद-फिकट अशा तीन. मग हे दोन्ही संच आडवे कापले की तयार ओळी मिळतात. पहिल्या प्रकारच्या दोन ओळींच्या मधे दुसऱ्या प्रकारची एक ओळ शिवली की चौकोन पुरा होतो. छापील पानावर हे समजून घ्यायला दोनदा वाचावे लागते, पडद्यावर मात्र मिनिटभरात लक्षात येते. 1979 मध्ये बाजारात आलेल्या, फिरत्या गोल पात्याच्या रोटरी कटरमुळे अशा पट्ट्या कापणे झटपट आणि अचूक झाले. ते हत्यार आले नसते, तर अर्ध्या तासात बसणारे धडे इतक्या संख्येने तयार झाले असते का, याची मला शंकाच वाटते.

प्रश्न : या विषयावरील हा पहिलाच कार्यक्रम होता का?

उत्तर : नाही. नॉर्थ कॅरोलायनातील जॉर्जिया बोनस्टील यांनी त्याच्या बऱ्याच आधी तेथील सार्वजनिक वाहिनीवर ‘लॅप क्विल्टिंग’ शिकवले होते. त्यांच्या पद्धतीत क्विल्ट ताणून धरणारी मोठी चौकट मांडावी लागत नाही. एकेका चौकोनाचे तिन्ही थर मांडीवरच धावदोऱ्याने शिवायचे आणि शेवटी ते चौकोन एकमेकांना जोडायचे. विस्कॉन्सिनमधील नॅन्सी झीमन यांचा ‘सोइंग विथ नॅन्सी’ हा कार्यक्रम 1982 ते 2017 असा प्रदीर्घ काळ चालला. तो एकूण शिवणकामाचा असला, तरी क्विल्टला त्यात मोठी जागा होती.

प्रश्न : जाहिराती नसताना असे कार्यक्रम टिकतात कसे?

उत्तर : प्रायोजकत्वावर. शिलाई मशीन, कापड, दोरा, आतला भरावाचा थर बनवणाऱ्या कंपन्या निर्मितीचा खर्च उचलतात आणि कार्यक्रमाच्या आरंभी व शेवटी त्यांचा नामोल्लेख होतो. मात्र त्या उल्लेखात किंमत सांगणे, दुसऱ्या मालाशी तुलना करणे किंवा ‘विकत घ्या’ असे आवाहन करणे नियमाने निषिद्ध आहे. शिवाय पुस्तके, मासिक आणि नमुन्यांची विक्री ही निर्मात्यांची स्वतंत्र मिळकत असते. पडद्यावरचा धडा फुकट आणि मापांचा तपशील छापील अंकात, ही योजना व्यापारी आहेच. पण मापे कागदावर हाताशी असणे शिकणाऱ्यालाही सोयीचे पडते, त्यामुळे मला तिच्यात गैर वाटत नाही. सार्वजनिक वाहिन्यांचा केंद्रीय निधी 2025 मध्ये अमेरिकी काँग्रेसने रद्द केला. त्याचा भार मुख्यतः स्थानिक केंद्रांवर, विशेषतः लहान गावांतील केंद्रांवर पडतो, आणि असे कार्यक्रम प्रेक्षकांपर्यंत पोहोचतात ते याच केंद्रांमार्फत.

प्रश्न : या कार्यक्रमांत पाव इंचाच्या शिवणीवर, म्हणजे टीप आणि कापडाची कड यांतील अंतरावर, एवढा भर का असतो? थोडे इकडेतिकडे झाले तर काय बिघडते?

उत्तर : एका शिवणीत काहीच बिघडत नाही, बिघाड साठत जातो. समजा, आपली शिवण पाव इंचाऐवजी सोळांश इंचाने जास्त आत गेली. प्रत्येक शिवणीत दोन तुकडे असल्याने दर जोडाला अष्टमांश इंच कापड अधिक खाल्ले जाते. आठ तुकड्यांच्या ओळीत सात जोड असतात, म्हणजे ती ओळ जवळजवळ एक इंच आखूड होते. शेजारच्या ओळीत तुकडे कमी असतील, तर दोन्हींची लांबी जुळत नाही, आणि मग ओढूनताणून जोडलेला क्विल्ट सपाट पडत नाही. उलगडून इस्त्री केलेल्या शिवणीच्या घडीतही थोडे कापड जाते, म्हणून अनुभवी मंडळी पाव इंचाहून दोरभर कमीच शिवण घेतात. आपल्या मशीनची परीक्षा घ्यायची असेल, तर दीड इंच रुंदीच्या तीन पट्ट्या जोडून इस्त्री करा आणि मधली पट्टी मोजा. ती बरोबर एक इंच भरली, तर शिवण योग्य आहे. कमी भरली, तर सुई थोडी उजवीकडे सरकवून पुन्हा तीन पट्ट्या जोडून पाहा.