अपघातानंतर गाडीत बसलं की धडधडतं, दीर्घ श्वास घेतला तर चक्कर येते. काय करावं?

अपघाताला पाच आठवडे झालेत, गाडीत बसवत नाही, हॉर्न वाजला तरी दचकायला होतं, रात्री तेच स्वप्न पडतं, दीर्घ श्वास घेतला की चक्कर येते आणि घरचे म्हणतात ‘विसरून जा’, असं तुम्ही लिहिलंय. ‘दीर्घ श्वास घ्या’ आणि ‘विसरून जा’ हे दोन्ही सल्लेच आधी बाजूला ठेवा.

चक्कर येते ती श्वास ‘दीर्घ’ घेतल्यामुळेच. घाबरलेला माणूस आधीच गरजेपेक्षा जास्त हवा ओढत असतो. त्यात छाती भरून श्वास घेतले की रक्तातला कार्बन डायऑक्साइड आणखी उतरतो, मेंदूच्या रक्तवाहिन्या आकसतात, डोकं हलकं होतं, बोटांना मुंग्या येतात आणि भीती वाढते. म्हणून श्वास मोठा नको, संथ हवा. तोंड मिटून, नेहमीएवढाच श्वास नाकाने ४ सेकंद आत, ६ सेकंद बाहेर. मिनिटाला साधारण ६ श्वास होतात. जड गेलं तर ३ आत, ४ बाहेर. पाच-पाच मिनिटं दिवसातून दोनदा, आणि तेही मन ठिकाणावर असताना. ऐन घबराटीत पहिल्यांदा करून पाहिलं तर बहुधा जमत नाही. (श्वासाशी संबंध नसतानाही चक्कर, डोकेदुखी किंवा मळमळ होत असेल, तर डोक्याला मार बसला होता का हे आधी डॉक्टरांकडून तपासून घ्या.)

प्रसंग पुन्हा डोळ्यांपुढे उभा राहतो तेव्हा मात्र श्वासाच्या नादी लागू नका. डोळे उघडे, पाय जमिनीवर दाबलेले. दिसणाऱ्या ५ गोष्टी, स्पर्शाच्या ४, आवाज ३, वास २, चव १ ही पद्धत तुम्ही ऐकली असेल. ती फसते ती पाढे म्हटल्यासारखी उरकल्यामुळे. ‘भिंत’ एवढ्याने भागत नाही; ‘भिंतीवर खिळ्याशेजारी पोपडा निघालाय’ इतकं बारीक बघावं लागतं.

त्याहून कमी लोकांना ठाऊक असलेली आणि मला जास्त उपयोगी वाटणारी गोष्ट म्हणजे ‘तेव्हा आणि आता’. आघाताच्या आठवणीवर तारखेचा शिक्का नीट बसलेला नसतो. हॉर्न, पेट्रोलचा वास, ओल्या रस्त्यावरचा उजेड, यातलं एखादं जरी जुळलं तरी मेंदू धोक्याची घंटा वाजवतो. तो साम्य शोधतो, म्हणून तुम्ही मुद्दाम फरक मोजायचे, जमल्यास मोठ्याने: ‘तेव्हा रात्र होती, आता दुपार आहे. तेव्हा मी गाडीत होतो, आता फुटपाथवर उभा आहे. तेव्हा हॉर्नपाठोपाठ धडक बसली, आता हॉर्न वाजला आणि बस निघून गेली.’ निदान तीन फरक हवेत. ‘काही होणार नाही’ असं स्वतःला बजावणं म्हणजे हे नव्हे. त्याला पुरावा नसतो, फरकाला असतो. घरी मोबाइलवर हॉर्नचे आवाज लावूनही हा सराव करता येतो.

आता ‘विसरून जा’. मानसशास्त्रज्ञ डॅनिएल वेग्नर यांनी १९८७ मध्ये एका प्रयोगात लोकांना पांढऱ्या अस्वलाचा विचार करायचा नाही असं सांगितलं, तरी अस्वल येतच राहिलं. आणि नंतर मोकळीक दिल्यावर तर आणखी जास्त आलं. आठवण आली तर येऊ द्या, ‘ही आठवण आहे’ एवढं म्हणा आणि हातातलं काम चालू ठेवा. ‘ब्रेक आधी लागला असता तर’ हे दळण वेगळं. त्याला संध्याकाळची २०-३० मिनिटं नेमून द्या, अंथरुणात नाही. एरवी सुरू झालं तर एक ओळ लिहून ठेवा आणि त्या वेळेपर्यंत पुढे ढकला.

खरी गाठ मात्र टाळण्यात आहे. गाडी टाळली की लगेच बरं वाटतं, आणि ‘टाळलं म्हणून वाचलो’ हा धडा मेंदू पक्का करतो. यावर शिडी करा: उभ्या गाडीत बसणं, इंजिन सुरू करून बसणं, रिकाम्या रस्त्यावर मागच्या सीटवर, पुढच्या सीटवर, गर्दीत, शेवटी अपघाताची जागा. प्रत्येक पायरीला ० ते १०० मध्ये भीतीचा आकडा द्या आणि ३०-४० वाल्या पायरीपासून सुरुवात करा. आकडा साधारण निम्मा होईपर्यंत तिथेच थांबायचं. अर्धा-पाऊण तास लागू शकतो, म्हणून घाईच्या दिवशी करू नका. भीती शिगेला असताना उतरलात तर भीतीच पक्की होते. डोळे मिटणं, हँडल आवळून धरणं, चालवणाऱ्याला सतत ‘हळू’ म्हणणं या कुबड्या एकेक करून सोडा. इथे श्वास मोजणं हीसुद्धा कुबडी होऊ शकते. गाडी चालवताना प्रसंग डोळ्यांपुढे येत असेल किंवा सुन्न व्हायला होत असेल, तर स्वतः चालवू नका.

स्वप्नासाठी: दिवसा ते थोडक्यात लिहा, मग कुठूनही हवं तसं बदला, अगदी अशक्य वाटलं तरी चालेल, आणि बदललेलं स्वप्नच रोज १०-२० मिनिटं जागेपणी मनात चालवा. मूळ स्वप्न घोटायचं नाही. तेही फार जड जात असेल, तर आधी एखाद्या सौम्य वाईट स्वप्नावर हात बसवा. दारूने झोप लागते, पण उत्तररात्री मोडते. शामक गोळ्या मनाने सुरू करू नका आणि घेत असाल तर मनाने बंदही करू नका.

पहिल्या महिन्यात अशी लक्षणं बहुतेकांना थोडीफार असतात आणि बहुतेकांची आपोआप ओसरतात. पीटीएसडीचं (आघातानंतर टिकून राहणाऱ्या ताणाच्या विकाराचं) निदान महिना उलटल्यावरच करतात. तुमचे पाच आठवडे झालेत, लक्षणं टिकून आहेत, त्यामुळे आता तज्ज्ञाकडे जाच. जीव नकोसा वाटत असेल तर आजच. विचारायचं ते हे: आघातावर केंद्रित उपचार देता का (प्रोलाँग्ड एक्स्पोजर, म्हणजे टाळलेल्या आठवणी-प्रसंगांना टप्प्याटप्प्याने सामोरं जाणं; सीपीटी, म्हणजे आघाताबद्दलचे अडकलेले विचार तपासणं; किंवा ईएमडीआर, म्हणजे डोळ्यांच्या हालचाली करत आठवणीवर काम करणं), किती सत्रं लागतील, घरी काय सराव असेल. एक्स्पोजरला साधारण ८ ते १५ सत्रं लागतात, सीपीटीला सहसा १२. एकाच बैठकीत सगळं खोदून बोलायला लावून मोकळं करतो म्हणणारा असेल तर नको. घटनेनंतर लगेच केलेल्या अशा बैठकांनी फायदा दिसलेला नाही, काहींचा त्रास वाढलेला आहे. चांगल्या उपचारातही पहिल्या काही सत्रांनंतर स्वप्नं थोडी वाढू शकतात. ते तिथे सांगा, न सांगता जाणं बंद करू नका.