मुंबई-पुण्यातलं नवीन तंत्र आमच्या नांदेडकडे का पोचत नाही? सरकारने इनोव्हेशन सेंटर काढलं तर पोचेल का?

सेंटरने नाही पोचणार. बिल्डिंग होईल, फीत कापतील, थ्रीडी प्रिंटर येईल, सहा महिन्यांत त्याचं नोझल चोकअप होईल आणि मग त्यावर कोणीतरी हेल्मेट ठेवायला लागेल. तुम्ही नांदेडचे म्हणून असं बोलतोय असं समजू नका, इकडे अंधेरीत काढलं तरी तेच होणार.

हातातली विद्या माणसाबरोबर जाते, आणि तो माणूस बऱ्याचदा कुठून तरी भांडून निघालेला असतो. मी स्वतः तसाच निघालो म्हणून सांगतोय.

आयटीआय करून 1991 ला साकीनाक्याला एका टूलरूममध्ये लागलो. प्लास्टिकचे मोल्ड, म्हणजे वितळलेलं प्लास्टिक भरून वस्तू काढायचे लोखंडी साचे, बनवायचं काम. (वडील गिरणीत साचेखात्यात, म्हणजे कापडाच्या मागावर, होते, म्हणजे ते पण साच्यावर आणि मी पण साच्यावर, फक्त साचा वेगळा.) 1997 ला शेठने डब्याच्या झाकणाचा चार कॅव्हिटीचा, म्हणजे एका वेळी चार झाकणं काढणारा, मोल्ड घेतला. ट्रायलला प्रत्येक शॉटला (एकदा प्लास्टिक भरलं की एक शॉट) एकाच कोपऱ्यात जळका काळा डाग, नखाएवढा. टेम्परेचर कमी केलं, डाग तसाच. स्पीड कमी केला तर झाकण पूर्ण भरेना. पॉलिश दोनदा केलं. शेठ म्हणे मटेरियल खराब, मटेरियलवाला म्हणे मशीन खराब, आणि मधल्यामध्ये शिव्या मला. तीन रात्री घरी गेलो नाही. चौथ्या दिवशी टपरीवर चहा घेताना ते झाकण खिशातून काढून उलटसुलट करत बसलो होतो तर शेजारच्या गाळ्यातला चाचा, जौनपूरचा म्हातारा फिटर, म्हणजे आमच्या शेठच्या कट्टर कॉम्पिटिटरचा माणूस बरं का, त्याने झाकण हातातून घेतलं, डागावरून अंगठा फिरवला आणि म्हणाला, ‘हवा फँसी है बेटा, रास्ता दे उसको.’

एवढंच. प्लास्टिक जोरात आत येतं, आधीची हवा त्या कोपऱ्यात कोंडली जाते, दाबून दाबून इतकी तापते की प्लास्टिकच जाळते, डिझेल इंजिनमध्ये होतं तसं. चाचा म्हणाला तिथे पार्टिंग लाइनवर, म्हणजे मोल्डचे दोन भाग मिळतात तिथे, पॉइंट झिरो टूचा व्हेंट (हवा जायची फट) मार. म्हणजे मिलिमीटरचा पन्नासावा भाग. तेवढ्या फटीतून हवा निघून जाते पण प्लास्टिक नाही जात, आणि जरा जास्त खोल गेलास तर फ्लॅश (कडेला प्लास्टिकचा पातळ पापुद्रा) येईल, हे पण त्यानेच सांगितलं. सरफेस ग्राइंडरवर वीस मिनिटांचं काम. पुढचा शॉट स्वच्छ. आज कुठलाही पोरगा हे यूट्यूबवर बघून सांगेल, तेव्हा टपरी हेच यूट्यूब होतं. आणि चाचाने फुकट का सांगितलं म्हणाल तर आम्ही त्यांना अधूनमधून स्लिप गेजचा (मापं तपासायच्या ठोकळ्यांचा) बॉक्स द्यायचो, शेठला न सांगता. दोन्ही शेठ एकमेकांचं तोंड बघत नव्हते.

त्या रात्री मी एक लाल डायरी घेतली आणि पहिल्या पानावर हे लिहून ठेवलं.

माझी मुलगी कलिनाला विद्यापीठात एमए करताना एकदा वाचून दाखवत होती की मार्शल नावाच्या इंग्रज अर्थतज्ज्ञाने 1890 मध्येच लिहून ठेवलंय, एका जागी एकच धंदा दाटीने जमला की त्याची गुपितं गुपितं राहत नाहीत, जणू हवेतच असतात, पोरं नकळत शिकतात. मी म्हटलं त्याला सांग साकीनाक्याच्या हवेत फक्त ऑइलचा धूर आहे, गुपितं टपरीवर असतात. पण माणसाला कळलं होतं, मानलं पाहिजे.

आता मुद्द्याचं. 2006 ला मी शेठला सोडलं. पंधरा वर्षं काढल्यावर सुपरवायझरची जागा त्यांच्या भाच्याला दिली, ज्याला मायक्रोमीटर धड वाचता येत नव्हता. मी वसईला भागीदारीत गाळा घेतला. महिन्याभरात वकिलाची नोटीस. लागताना शंभरच्या स्टॅम्पपेपरवर सही घेतली होती की सोडल्यावर तीन वर्षं या लाइनमध्ये काम करणार नाही. आणि वर डायरी परत मागितली. म्हणे ‘माझ्या गाळ्यात, माझ्या वेळेत लिहिलीस, ती माझी.’

मी घाबरलो होतो, खोटं कशाला बोलू. बायकोचे दागिने गाळ्यात गेले होते. पण आमच्या चाळीतल्या वकिलांनी ती नोटीस वाचून हसून बाजूला ठेवली. भारतीय करार कायदा, 1872, कलम 27. एखाद्याला त्याचा कायदेशीर धंदा करण्यापासून अडवणारा करार तेवढ्यापुरता रद्दबातल. सही केलीस तरी. आणि गंमत पुढेच आहे, ही मला नंतर मुलीनेच सांगितली. न्यूयॉर्कच्या फील्ड नावाच्या वकिलाने एक मसुदा केला होता, त्यावरून आपलं कलम उचललं आणि त्याच मसुद्यावरून कॅलिफोर्नियानेही 1872 लाच तसंच कलम घेतलं. तिथले काही अभ्यासक सांगतात की सिलिकॉन व्हॅली वाढली आणि बॉस्टनची बाजू मागे पडली त्याचं एक कारण हेच, कॅलिफोर्नियात माणूस सकाळी एक कंपनी सोडून दुपारी समोरच्या कंपनीत बसू शकतो. 1957 ला तिथे शॉकली नावाच्या शास्त्रज्ञाच्या ट्रान्झिस्टरच्या कंपनीतून आठ जण एकदम उठून गेले, त्यांना गद्दार म्हटलं गेलं (आपल्याकडे गद्दार म्हटलं की वेगळंच आठवतं, ते सोडा), त्यांनी फेअरचाइल्ड ही चिपची कंपनी काढली आणि त्यातल्याच दोघांनी 1968 ला इंटेल. शॉकली बसला बोंबलत.

आपल्याकडचं बघा. लक्ष्मणराव किर्लोस्कर मुंबईत, आत्ताच्या व्हीजेटीआयमध्ये शिकवत होते. बढती डावलली गेली, नोकरी सोडली, बेळगावला गेले, तिथे 1888 पासूनचं सायकलचं दुकान होतं, मग लोखंडी नांगर, मग 1910 ला माळरानावर किर्लोस्करवाडी. मुंबईत शिकलेलं यंत्रकाम सांगलीच्या बाजूला पोचलं ते कुठल्या योजनेने नाही, एका मास्तरला डावललं म्हणून. त्यांच्याकडे कोणी डायरी परत मागितली असती तर?

तर नांदेड. मराठवाड्यात काहीच पोचत नाही हे मला पटत नाही. 1964 ला जालन्यात बारवाल्यांनी महिको काढली आणि पुढे तिथे बियाण्यांच्या किती कंपन्या झाल्या बघा. 1985 ला वाळूजला बजाज आली, तिच्यामागे पार्ट बनवणारे छोटे व्हेंडर आले, औरंगाबादला (आता संभाजीनगर) इंडो-जर्मन टूलरूम आहे, तिथून शिकलेली पोरं आमच्या वसईपर्यंत येतात आणि काम चोख करतात. तुमच्याकडे काय कमी आहे सांगू? दुसरा शेठ. गावात एकच टूलरूम असेल तर फिटर भांडून जाणार कुठे? तो थेट पुण्याला जातो आणि विद्या पण त्याच्याबरोबर जाते. समोरासमोर पाच-सहा गाळे पाहिजेत, एकाच कामाचे, एकमेकांवर जळणारे, आणि मधे एक टपरी. एमआयडीसीवाले एक मोठा प्लॉट एका मोठ्या कंपनीला देतात, तिच्या गेटवर सिक्युरिटी आणि आत कॅन्टीन, कामगार बाहेर चहाला पण येत नाही. मग काय पसरणार, कप्पाळ?

थोडं माझ्या विरोधातलं पण लिहितो नाहीतर कमेंटमध्ये वकील मंडळी येतील. कलम 27 म्हणजे गिऱ्हाइकाची ड्रॉइंग पळवायचं लायसन्स नाही, ती चोरीच, त्यासाठी कोर्टात खेचतात आणि खेचलंच पाहिजे. माझ्या डायरीत एकही ड्रॉइंग नव्हतं. आणि विद्या पसरली म्हणजे माणसाचं भलं झालं असंही नाही. 1982 च्या संपात अडीच लाख गिरणी कामगार बसले, वडील त्यातलेच, नंतर भिवंडीला पॉवरलूमवर गेले. मुंबईच्या साचेखात्यातलं कसब भिवंडीला पोचलं, पगार मात्र गिरणीच्या निम्म्यावर आला.

आणि हो, गेल्या वर्षी माझा व्हीएमसीचा (कॉम्प्युटरवर चालणाऱ्या मिलिंग मशीनचा) ऑपरेटर चाकणला गेला तेव्हा मी त्याच्याशी आठवडाभर बोललो नाही. स्टॅम्पपेपर मात्र घेतला नव्हता.

शेठशी आता बोलणं नाही. ओळखीच्यांकडून कळतं की अजून म्हणतात मी त्यांची विद्या चोरली. पहिल्या पानावर काय आहे ते त्यांनी कधी वाचलंच नाही. पीपीचं (पॉलिप्रॉपिलीन प्लास्टिकचं) श्रिंकेज, म्हणजे थंड होताना आकसणं, दीड टक्का धरायचं हे तर मटेरियलवाल्याच्या फुकट पुस्तिकेत पण असतं, पण भंगार मिसळलेलं पीपी जाड कोपऱ्यात किती ओढतं ते त्यात नसतं, ते माझ्या डायरीत आहे. तुमच्याकडे कोणी मोल्डचं काम सुरू करत असेल तर मेसेज करा, पानांचे फोटो पाठवतो. अक्षर लागतंय का बघा, बरीच पानं ऑइलने चिकटलीत.