जारवांच्या मुलांसाठी बिस्किटं न्यावीत का?

प्रश्न: ताई, डिसेंबरात आमच्या सोसायटीतल्या चार फॅमिली अंदमानला चाललोय. टूरवाला म्हणतो बारातांगच्या रस्त्यावर जारवा आदिवासी हमखास दिसतात. आम्ही दर दिवाळीला येऊरच्या पाड्यांवर फराळ, कपडे देतो, तसंच तिथल्या पोरांसाठी बिस्किटं आणि कपडे नेले तर चालेल का?
– एक वाचक, घोडबंदर रोड, ठाणे

उत्तर: काहीही नेऊ नका. तुमची भावना चांगलीच आहे, पण येऊरची माणसं रोज ठाण्यात येतात-जातात, पोरांना लसी मिळतात, जारवांचं तसं नाही हो, ते पिढ्यान्‌पिढ्या त्या घनदाट जंगलात बाहेरच्यांपासून लांब राहिलेत आणि आपले साधे आजारही त्यांच्या अंगाला नवीन. १९९६ मध्ये पाय मोडलेला एक जारवा मुलगा सापडला, पोर्ट ब्लेअरच्या हॉस्पिटलात बरा होऊन परत गेला, मग १९९७ च्या ऑक्टोबरपासून ही माणसं धनुष्यबाण न घेता गावांकडे यायला लागली, आणि १९९९ मध्ये त्यांच्यात गोवराची साथ आलीच. ग्रेट अंदमानी या तिथल्याच दुसऱ्या जमातीच्या लोकांचं तर त्याआधीच होत्याचं नव्हतं झालं, १८५८ मध्ये इंग्रजांनी तिथे कैद्यांची वसाहत केली तेव्हा ते काही हजार होते, १८७७ च्या गोवराने आणि बाकीच्या रोगांनी इतके गेले की आज जेमतेम पन्नासेक उरलेत. जारवा सगळे मिळून काही शेच आहेत. आता बिस्किट द्यायला तुम्ही काच खाली केलीत आणि मागच्या सीटवर कोणाचं पोरगं खोकत असलं तर?

आणि ‘हमखास दिसतात’ असं सांगून बुकिंग घेणं, याचा मला खरंच संताप येतो. माणसं आहेत ती! २०१२ मध्ये जारवा बायकांना खाण्याच्या बदल्यात नाचायला लावल्याचा व्हिडिओ बाहेर आला होता. हा रस्ता त्यांच्या राखीव जंगलातून जातो, सुप्रीम कोर्टाने २००२ मध्येच तो बंद करायला सांगितलं होतं, तरी चालूच आहे. जिरकाटांगच्या नाक्यावर गाड्या थांबवून ताफ्याने सोडतात, वाटेत थांबायचं नाही, फोटो काढायचा नाही, खायला द्यायचं नाही, हे सगळे गुन्हे आहेत.

माझं ऐकाल तर बारातांग प्लॅनमधून काढाच, तो दिवस हॅवलॉकला द्या. मुलांना या लोकांची माहिती हवी असेल तर पोर्ट ब्लेअरमध्ये, म्हणजे आताच्या श्री विजयपुरममध्ये, मानववंशशास्त्राचं म्युझियम आहे, तिथे निवांत दोन तास काढा.