एकतिसाव्या वर्षीच आजी

प्रश्न : ‘शॉपलिफ्टर्स’ या जपानी चित्रपटातील आजीचे काम मनात घर करून राहिले. ही अभिनेत्री कोण? ती उतारवयातच अभिनयाकडे वळली का? (एक वाचक, सांगली)

उत्तर : त्या किरिन किकी. उतारवयात वळल्या असे मुळीच नाही; म्हातारीची कामे त्यांनी ऐन तारुण्यातच सुरू केली होती. १९४३ मध्ये तोक्योत जन्मलेल्या किकी १९६१ मध्ये ‘बुंगाकुझा’ या नामवंत नाट्यसंस्थेत दाखल झाल्या आणि १९६४ मध्ये दूरचित्रवाणीवरील एका मालिकेतल्या मोलकरणीच्या भूमिकेमुळे घरोघरी ठाऊक झाल्या. पुढे १९७४ मध्ये ‘तेराउची कानतारो इक्का’ या विनोदी कौटुंबिक मालिकेत त्यांनी एका तापट पाथरवटाच्या आईची भूमिका केली, तेव्हा त्या अवघ्या ३१ वर्षांच्या होत्या आणि त्यांच्या मुलाचे काम करणारे संगीतकार आसेई कोबायाशी त्यांच्याहून १० वर्षांनी मोठे होते. केस पांढरे करता येतात, पाठही वाकवता येते, पण हातांचे वय लपत नाही. म्हणून त्या बोटे कापलेले हातमोजे घालत. ही खट्याळ आजी गायक केंजी सावादा यांच्या पोस्टरसमोर अंगाला झोके देत ‘जूलीऽऽ’ अशी त्यांच्या टोपणनावाने आर्त साद घाली, आणि तो प्रसंग जपानी प्रेक्षकांच्या कायमचा लक्षात राहिला.

चित्रपटांतील मोठ्या भूमिका मात्र साठीनंतर आल्या, एवढ्यापुरता आपला तर्क बरोबर आहे. २००३ मध्ये त्यांच्या डाव्या डोळ्याची दृष्टी गेली, २००५ मध्ये स्तनाच्या कर्करोगाची शस्त्रक्रिया झाली, आणि त्यांची सर्वांत सरस कामे त्यानंतरची आहेत. जपान अकादमीचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार त्यांना २ वेळा मिळाला. २०१३ मध्ये तो दुसऱ्यांदा स्वीकारताना, आपल्या सर्वांगात कर्करोग पसरला आहे, हे त्यांनी व्यासपीठावरूनच सांगून टाकले आणि पुढेही ५ वर्षे काम केले. नाओमी कावासे यांच्या ‘आन’ (२०१५) मध्ये त्यांनी कुष्ठरोगातून बऱ्या झालेल्या, पण आयुष्यभर वसाहतीत राहावे लागलेल्या वृद्धेची भूमिका केली आहे. ‘आन’ म्हणजे अझुकी या तांबड्या कडधान्याच्या दाण्यांचे गोड सारण, आपल्या पुरणाचे चुलत भावंडच म्हणा. ते शिजत असताना पातेल्यावर वाकून, वाफेत चेहरा नेऊन किकी दाण्यांशी जणू बोलतात. हा प्रसंग आपण अवश्य पाहावा.

‘शॉपलिफ्टर्स’साठी तर त्यांनी स्वतःची कवळीच काढून ठेवली. ३१ व्या वर्षी वय चढवण्यासाठी केलेला सारा खटाटोप ७५ व्या वर्षी असा उतरवून ठेवणे मला अधिक धाडसाचे वाटते. समुद्रकिनाऱ्यावर खेळणाऱ्या माणसांकडे पाहत त्यांचे ओठ नुसतेच हलतात, ते आठवते का? ते आभाराचे शब्द पटकथेत नव्हते. दिग्दर्शक हिरोकाझु कोरे-एदा यांच्या ध्यानात ते नंतर आले. मे २०१८ मध्ये चित्रपटाला कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला आणि १५ सप्टेंबरला किकी गेल्या.

प्रश्न : किरिन किकी यांनी आपले नाव लिलावात विकले होते, हे खरे आहे का? (एक वाचक, ठाणे)

उत्तर : खरे आहे. त्यांचे रंगमंचावरचे पहिले नाव युकी चिहो. १९७७ मध्ये एका वाहिनीच्या नामांतरानिमित्त झालेल्या कार्यक्रमात लिलाव होता आणि विकण्याजोगे दुसरे काही नाही म्हणून त्यांनी नावच पुढे केले. ते २०,२०० येनना गेले. किरिन किकी हे नवे नाव जपानीत ज्या ४ चित्राक्षरांनी लिहितात, त्यांपैकी एकाचा अर्थ ‘विरळा’ असा होतो. उरलेल्या तिन्हींत झाडेच झाडे आहेत. कारकीर्द घडवण्यासाठी नाव जपावे लागते, हा व्यवसायाचा पहिला नियम त्यांनी असा हसत मोडला. पुढच्या काळात तर त्यांनी व्यवस्थापकही ठेवला नाही. कामाची विचारणा करणाऱ्यांना त्यांच्या घरच्या फोनच्या यंत्रावर निरोप ठेवावा लागे.