नाव नंतर, आधी कुलमुखत्यारपत्र रद्द करा

कोथरूडच्या एका ताईंचं पत्र आहे. वडिलांकडून आलेला फ्लॅट त्यांच्या नावावर, त्याचं कुलमुखत्यारपत्र, म्हणजे त्यांच्या वतीने व्यवहार करायचा अधिकार, लग्नानंतर नवऱ्याच्या नावे करून दिलेलं. वर्षभरापासून त्या वेगळ्या राहतात. प्रश्न एवढाच: घटस्फोटाआधी माहेरचं नाव लावता येईल का? अशी पत्रं मला नेहमी येतात आणि बहुतेकींना नावाचंच विचारायचं असतं.

ताई, नावाचं होईल. नवऱ्याचं नाव लावायची सक्ती कायद्यात नाही. राजपत्रात प्रसिद्धी, मग आधार, पॅन, बँक. पासपोर्टचं कागद बघून सांगेन.

मला घोर लागलाय तो तुमच्या शेवटच्या ओळीचा: ‘ते पत्र अजून त्यांच्याकडेच आहे.’ वर्षभर! करार कायदा, १८७२, कलम २०८ सांगतं की अधिकार काढून घेतल्याचं मुखत्याराला कळेपर्यंत त्याच्यापुरता, आणि तिऱ्हाइताला कळेपर्यंत त्या तिऱ्हाइतापुरता, तो अधिकार जिवंतच असतो. उद्या त्यांनी खरेदीखत करून दिलं आणि घेणाऱ्याला काहीच ठाऊक नसेल, तर ते तुमच्या गळ्यात पडू शकतं.

‘त्यात रद्द होणार नाही असं लिहिलंय’ म्हणून तुम्ही थांबलात. सही करताना वाचलं नाहीत, नंतर कुणाला विचारलंही नाहीत. कलम २०२ प्रमाणे मुखत्याराचा त्या मिळकतीतच स्वतःचा हितसंबंध असेल तर गोष्ट वेगळी, मग त्याला बाध येईल असं ते सहसा रद्द करता येत नाही. नुसतं लिहून काही होत नाही. त्यांनी फ्लॅटमध्ये पैसे घातले असतील तर मात्र कागद दाखवा.

याच आठवड्यात दुय्यम निबंधकांकडे रद्दलेख नोंदवा. त्यांची सही लागत नाही. त्यांना स्पीड पोस्टने नोटीस पाठवा, पोच जपून ठेवा. सोसायटी आणि बँकेला पत्र देऊन शिक्का घ्या. वर्तमानपत्रात जाहीर नोटीस द्या, म्हणजे ‘माहीत नव्हतं’ म्हणणं घेणाऱ्याला जड जाईल. इंडेक्स टू, म्हणजे फ्लॅटच्या नोंदलेल्या व्यवहारांचा उतारा, आजच काढा. त्यात काही निघालं तर शिवाजीनगरच्या कोर्टात विक्रीला मनाईचा अर्ज लागेल, आणि तिथल्या तारखांवर तुमची वर्षं जावीत असं मला अजिबात वाटत नाही.

भाऊ म्हणतो, ‘आता कुलमुखत्यारपत्र माझ्या नावे करून दे, मी बघतो.’ नको, ताई. त्याची माया खरी असेल, पण घर तुमचं आहे, सही तुम्हीच करा. रद्दलेखाचा मसुदा पाठवतो. प्रत्येक ओळ वाचा, अडेल तिथे खूण करा आणि सोमवारी एकट्याच या.