मालवणच्या होमस्टेत फायबरचा मोडेम पडवीतून माजघरात न्यायचाय. पॅचकॉर्ड (दोन्ही टोकांना प्लग असलेली, आत काचेचा तंतू असलेली तयार वायर) कुठली घेऊ?

आधी मोडेममागचं सॉकेट बघा. हिरवं असेल तर एससी-एपीसी, निळं असेल तर एससी-यूपीसी जातीचा प्लग असलेली वायर घ्या. हिरव्याचं तोंड 8 अंशांनी तिरकं घासलेलं असतं. निळं त्यात बसतं खरं, पण काचेला काच नीट टेकत नाही नि सिग्नल पडतो. मी हाच उद्योग करून दोन दिवस मोडेमवरचा सिग्नल नसल्याचा लाल दिवा बघत बसलो होतो!

वायर सिंगल मोड, 9/125 (आतला काचेचा गाभा 9 मायक्रॉन, त्यावरच्या काचेसकट 125) घ्या. बहुतेक पिवळीच मिळते. मोजून मीटरभर जास्त. उरलेल्याचं वेटोळं करा, पण करवंटीपेक्षा लहान नको. खाऱ्या हवेत काच गंजत नाही, मोडेमची धातूची पिन मात्र गंजते. प्लगवरचं टोपण जोडतानाच काढा आणि टोकाला बोट लावू नका.