शहामृग आपल्याकडे होते का?

प्रश्न : माझं माहेर चाळीसगाव तालुक्यात, पाटणादेवीजवळ. तिथल्या पाटणे गावी उत्खननात शहामृगाच्या अंड्याची टरफलं निघाली, असं वाचलं. शहामृग तर आफ्रिकेतला. मग ही टरफलं व्यापाऱ्यांनी आणली असतील का?
– एक वाचक भगिनी, नाशिक

उत्तर : नाही ताई, ते पक्षी इथलेच. पाटण्याची टरफलं सुमारे २५,००० वर्षांपूर्वीची. तेव्हा शेतीही नव्हती, मग व्यापारी कुठले? शिवाय राजस्थान, मध्य प्रदेश आणि महाराष्ट्र मिळून चाळीसहून अधिक ठिकाणी अशी टरफलं मिळाली आहेत.

पाटण्याचं उत्खनन पुरातत्त्वज्ञ डॉ. एस. ए. साळी यांनी १९७०च्या दशकात केलं. तिथल्या एका तुकड्यावर आडव्यातिडव्या रेघांची नक्षी कोरलेली आहे. मला या तुकड्याचं फार मोल वाटतं, कारण देशभरातल्या ‘नक्षीदार’ म्हणवलेल्या टरफलांची प्रागैतिहासिक कलेचे अभ्यासक रॉबर्ट बेडनारिक यांनी बारकाईने तपासणी केली, तेव्हा बहुतेकांवरच्या रेघा झाडांच्या मुळांनी कोरलेल्या निघाल्या. पाटण्याची नक्षी मात्र माणसाच्याच हातची ठरली. याच टरफलांचे मणीही तिथे मिळाले.

आता पक्षी कोणता? हिमालयाच्या पायथ्याच्या शिवालिक टेकड्यांत मिळालेल्या हाडांवरून फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ मिल्न-एडवर्ड्स यांनी १८७१मध्ये ‘स्ट्रुथिओ एशियाटिकस’ ही नामशेष जात नोंदवली. पुढे टरफलांनाही सर्रास तेच नाव चिकटलं. मला ही घाई पटत नाही. शिवालिकची हाडं टरफलांपेक्षा कितीतरी लाख वर्षं जुनी आहेत. २०१७ साली हैदराबादच्या सीसीएमबी या पेशी व रेणू-जीवशास्त्र संशोधन संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी राजस्थान आणि मध्य प्रदेशातल्या टरफलांमधून डीएनए मिळवला, तर तो आजच्या आफ्रिकी शहामृगाच्या जवळचा निघाला. म्हणून नुसत्या टरफलावरून मी तरी ‘शहामृग’ एवढंच म्हणेन.

टरफलं मिळतात तिथे हाडं मात्र मिळत नाहीत, याचं कारण साधं आहे. हे टरफल कॅल्साइटचं, म्हणजे चुनखडीतल्या खनिजाचं, जवळजवळ दोन मिलिमीटर जाड. कोंबडीच्या अंड्याच्या पाचपट तरी. म्हणून ते टिकतं.

माहेरच्या नदीकाठी जाड, किंचित बाकदार, बारीक छिद्रांचा पांढुरका तुकडा दिसला, तर उचलू नका. जागेवरच फोटो काढा, शेजारी एक नाणं ठेवा, म्हणजे आकार कळेल. कोणत्या थरात आहे ते लिहून ठेवा आणि पुरातत्त्व विभागाला कळवा. थरातून सुटला की त्याचं वय सांगणं फार अवघड होतं.